तांब्या उलटा करणारा माणूस

चिंचेच्या कोळानं पितळ घासलं की एक वास उठतो. आंबट, गार, जिभेच्या मुळाशी जुनं नाणं ठेवल्यासारखा. त्या वर्षी तो वास उदगीरच्या गल्ल्यांमधून नाहीसा झाला होता. पाणी नव्हतं. बायका कोरड्या राखेनं भांडी घासत आणि फडक्यानं पुसून ठेवत. सकाळी घराघरांतून नुसती खरखर ऐकू येई. सगळं गाव घसा साफ करतं आहे आणि बोलत मात्र काहीच नाही, असं वाटे. विनायक केळुसकर आमच्याकडे आले ते त्या खरखरीच्या दिवसांत.

लातूर जिल्हा तेव्हा उस्मानाबादपासून नुकताच वेगळा झाला होता. मी उदगीरच्या एका महाविद्यालयात मराठी शिकवत होते. प्राचार्यांनी मला बोलावून सांगितलं, "हे मुंबईचे. माहितीपट काढतात. रझाकारीवर आणि अठ्ठेचाळीसच्या पोलीस अ‍ॅक्शनवर. इकडची बोली त्यांना नीट कळत नाही, तुम्ही सोबत राहा." मग दाराबाहेर बसलेल्या पाहुण्याकडे एक नजर टाकून आवाज खाली आणला, "आणि ते लोकांना काय काय विचारतात, तेही बघत राहा."

म्हणजे संशयाचं काम मला पहिल्या दिवशीच नेमून दिलेलं होतं. ते मी मनापासून केलं, हेही सांगायला हवं.

केळुसकर पन्नाशी उलटलेले, उंच आणि खांद्यात वाकलेले होते. टेपचं यंत्र चामड्याच्या पेटीत घालून ते स्वतःच गळ्यात वागवत. कॅमेरा सांभाळायला एक अबोल सहकारी होता. ध्वनी मात्र त्यांनी कुणाच्या हाती दिला नाही. हेडफोननं त्यांच्या कानांवर कायमचे वळ उमटले होते. त्या दिवशी शिपायानं पाणी आणून दिलं. ते त्यांनी शेवटच्या थेंबापर्यंत प्यायलं, आणि मग तांब्या उलटा केला. त्याच्या बुडावरून अंगठा फिरवला, उजेडाकडे धरून पाहिला, आणि काही झालंच नाही अशा थाटात टेबलावर ठेवला.

हे ते प्रत्येक घरात करत. हॉटेलात, मठात, एसटीच्या कॅन्टीनमध्येही. आमच्याकडे भरल्या घरात भांडं उपडं करणं कुणाला रुचत नाही. बायका एकमेकींकडे पाहत. मी एकदा विचारलं, तर म्हणाले, "सवय." ज्या माणसाला दुसऱ्याच्या प्रत्येक सवयीचं कारण हवं असे, त्यानं स्वतःच्या सवयीपुरतं एवढंच उत्तर ठेवलं होतं.

दुसरी सवय त्यांच्या प्रश्नाची. 'काय घडलं' असं ते कधीच विचारत नसत. विचारत, "त्या दिवशी चुलीवर काय होतं?"

नांदेडला माझ्या आईकडे आम्ही एक रात्र उतरलो होतो. रझाकारीचा विषय निघाला की माझी आई उठून दुसऱ्या खोलीत जायची. मला आयुष्यभर तेवढंच ठाऊक होतं. सकाळी ती ज्वारी पाखडत बसलेली असताना केळुसकर उंबऱ्यावर बसले आणि त्यांनी तोच प्रश्न केला. आईचं सूप थांबलं.

"वरण," ती म्हणाली. "तुरीचं. फोडणी राहिली होती. आरडाओरडा ऐकून आम्ही मागच्या दारानं निघालो. गोदावरीच्या काठाकाठानं जाताना सासूबाई एकच म्हणत होत्या, अगं, वरण लागलं असेल."

आणि मग ती दुपारपर्यंत बोलत होती. मी, तिची मुलगी, कविता शिकवणारी, भिंतीला टेकून ऐकत होते. मला कृतज्ञ वाटायला हवं होतं. वाटलं ते असं, की या माणसाकडे कुठल्याही कुलपाला लागणारी किल्ली आहे, आणि अशा माणसाला घरात घेताना विचार करावा.

त्यांचा स्वतःचा संशय तर याहून मोठा होता. जी आठवण अडखळत नाही, तिच्यावर त्यांचा विश्वास नसे. लातूरला एक वयोवृद्ध वक्ते होते. सभासंमेलनांतून त्या काळाच्या कथा सांगून त्यांनी नाव मिळवलेलं. त्यांनी कॅमेऱ्यासमोर धोतराचा सोगा सावरला, ठरल्या जागी आवाज चढवला, ठरल्या जागी डोळे पुसले. केळुसकरांनी शांतपणे यंत्र बंद केलं. जिन्यात मला म्हणाले, "खरं असेल सगळं. पण इतक्या वेळा हाताळलंय, की आता त्यावर फक्त यांचेच ठसे उरलेत."

त्याच दिवशी चित्रीकरणाच्या परवानगीसाठी आम्ही नव्या जिल्ह्याच्या एका कचेरीत गेलो. भिंतींना ओल्या रंगाचा वास होता. जुनी कागदपत्रं पाहता येतील का, असं केळुसकरांनी विचारलं, तेव्हा तिथले कारकून हसले. "साहेब, जुनं सगळं उस्मानाबादेत ऱ्हायलं. आमच्याकडं अजून निस्तं नवंच हाय."

केळुसकर परतीच्या बसमध्ये एकटेच हसत होते. "बिनइतिहासाचा जिल्हा," म्हणाले, "किती सुखी लोक!"

उदगीरच्या किल्ल्याजवळच्या एका गल्लीत मेहरूनबी राहत. गोधड्या शिवायच्या. सुईत दोरा ओवताना ओठांत धरलेलं टोक तसंच ठेवून बोलायच्या. तासाभराच्या अंतरावरच्या एका गावात (त्या गावाचं नाव मी लिहीत नाही) आपलं माहेर होतं, असं त्या सांगत. वडील मुनीरसाब करोडगिरीच्या, म्हणजे जकातीच्या, नाक्यावर कारकून होते. फौज आली, निजामाचं राज्य गेलं, आणि त्यानंतरच्या आठवड्यात ते घर गेलं, घरातली माणसं गेली. मेहरूनबी तेवढ्या आत्याकडे उदगीरला आल्या होत्या, म्हणून राहिल्या.

"गांव में जाके पूछे तो बोलते, ऐसा कोई घर हैच नै था," त्या म्हणाल्या. "तो मैं कां पैदा हुई, बाईजी? झाड पे?"

थोरला मुलगा दारातूनच म्हणाला, "अम्मा, बस करो. साब, इनकी बातां छोड दो."

"तू चुप बैठ. तेरेकू तो तेरा बाप मेले में से लाया." मग आमच्याकडे वळून, "मेरेकू कुछ नक्को. एक बार वो जगा पे खडी रहना है. पन जिस गांव में मेरा घरच नै, वां किस मूं से जाऊं? कोई एक जना बोले, के था. फिर जाती."

केळुसकरांनी विचारलं, तुमच्या घरी चुलीवर कशात शिजायचं? त्या खुलल्या. गावात कुणाचंही लग्न असो, मोठ्या देगा, हंडे, पराती त्यांच्याच घरून जात. प्रत्येक भांड्याच्या बुडाशी वडिलांचं नाव उर्दूत कोरलेलं होतं. "पन अम्मी कू पढने नै आता था. तो अब्बा हर भांडे पे एक कबूतर निकलवाए. शादी के बाद अम्मी कबूतर देख देख के अपने भांडे घर कू लाती थी."

मी केळुसकरांकडे पाहिलं. त्यांच्या चेहऱ्यावर काही नव्हतं. तेव्हाच मला तो उलटा तांब्या कळला, आणि कळल्यानं संशय कमी होण्याऐवजी वाढला. कारण मेहरूनबींना भेटण्याआधीपासून ते भांडी उलटी करत होते. गल्लीच्या तोंडाशी मी त्यांना अडवलंच.

त्यांनी गळ्यातली पेटी सावरली. "तरुणपणी मी सरकारी बातमीपटाच्या संकलनाला मदतनीस होतो. या भागातली फौजेची चित्रफीत माझ्या हातून गेली. हार घालणारी गर्दी, झेंडे. आणि मध्येच एक बैलगाडी. भांड्यांनी भरलेली, नुसती भांडी. हे काय, म्हणून मी साहेबांना विचारलं. ते म्हणाले, काढ. मी काढलं. कात्रीचा आवाज तेवढा राहिला." आणि पुढे, "तेव्हापासून कुणाच्याही घरी पाणी प्यायलो की बघतो."

हे खरं होतं का? सांगताना ते एकदाही अडखळले नाहीत, हे मात्र माझ्या लक्षात आलं.

मेहरूनबींच्या माहेरगावचे जाणते म्हणजे विश्वनाथअप्पा. लिंगायत, धान्याचा व्यापार, कपाळावर भस्माचे पट्टे, बोलणं मोजकं. माझ्या एका विद्यार्थिनीचे ते आजोबा, म्हणून मला ओळखत. त्यांच्या थोरल्या भावाला रझाकारांनी घराच्या दारातून ओढून नेलं होतं.

"मी कणगीत लपलो होतो, बाई," ते मला म्हणाले. "फटीतून त्याचे पाय दिसले. एका पायात वहाण होती, एकात नव्हती. एवढंच दिसलं. पुन्हा त्याला कोनी बघितलं न्हाई."

हे सांगताना ते तीनदा थांबले. केळुसकरांनी एकदाही मध्ये तोंड घातलं नाही. मग हळूच विचारलं, "आणि नंतर?"

"नंतर काय? नंतर मिल्ट्री आली. राज्य आपलं झालं."

"इथं मुनीरसाबांचं घर कुठं होतं?"

अप्पांनी पंच्यानं मान पुसली. "आमच्या गावात तसलं घर नव्हतंच."

सून पाणी घेऊन आली. केळुसकर प्यायले आणि त्यांनी तांब्या उलटा केला. त्यांचा अंगठा बुडावर एका जागी थांबला. अप्पा ते बघत होते. मी दोघांना बघत होते. मग केळुसकर म्हणाले, "आता थोडा वेळ कुणी बोलू नका. मला खोलीची शांतता टेपवर घ्यायची आहे." प्रत्येक खोलीची शांतता निराळी असते आणि चित्रफितीचे तुकडे जोडताना मधल्या फटी तिनंच भराव्या लागतात, हे त्यांनी मला समजावलं होतं. अप्पांना ते कोण समजावणार? कुणी बोलत नसताना हा माणूस काय भरून घेतो आहे, या काळजीनं ते त्या यंत्राकडे टक लावून बसले.

बाहेर आल्यावर केळुसकर म्हणाले, "अक्षरं खरवडलेली आहेत. कबूतर तसंच आहे."

"मग झालं की!" मी म्हणाले. "मेहरूनबींना सांगू या."

"एक तांब्या बाजारातूनही येतो. तो पुरावा नव्हे."

पुढच्या खेपेला गेलो तेव्हा गावात काचेच्या पेल्यांतून पाणी आलं. एका घरी तर द्रोणातून. पितळ कुठेच दिसेना. माझ्या विद्यार्थिनीनं खरं काय ते मला कानात सांगितलं. नव्या जिल्ह्याकडून कुणी अधिकारी दुष्काळी मदतीसाठी घरं तपासायला आला आहे, ज्याच्या घरी पितळ जास्त त्याचं नाव कापणार, अशी आवई उठली होती. नाहीतर भला माणूस भांड्यांचं बूड कशाला तपासेल? म्हणून अप्पांच्या सांगण्यावरून सगळ्यांनी आपलं पितळ मठातल्या आतल्या खोलीत नेऊन ठेवलं होतं. दाराला नवं कुलूप होतं, आणि किल्ली अप्पांच्या कडदोऱ्याला.

मी हे केळुसकरांना सांगितलं नाही. मी कुणाच्या बाजूची होते, ते मला तेव्हा ठरवता येत नव्हतं.

अप्पांनी त्या दिवशी भावाची हकिगत मठात बसून पुन्हा सांगायचं कबूल केलं होतं. बाहेर दुपार तापली होती. आत शेणाच्या सारवणाचा आणि विझल्या धुपाचा वास. बोलून झालं. केळुसकरांनी हात वर केला, शांतता. कॅमेरामन थांबला, अप्पांनी डोळे मिटले. आणि मग केळुसकरांचं कपाळ आक्रसलं. त्यांनी हेडफोन काढून माझ्या कानांवर ठेवला.

दूर कुठेतरी जड गाडीची घरघर होती, आणि तिच्या कंपानं बंद दाराआड काहीतरी वाजत होतं. अतिशय बारीक, अनेक सुरांत, एकाला एक टेकून थरथरणारं. अंधारात पुष्कळ माणसं श्वास आवरून बसली असावीत, तसं.

"आत काय आहे?" केळुसकरांनी विचारलं.

"देवाचं हाय," अप्पा डोळे न उघडता म्हणाले.

तेवढ्यात बायकांचा लोंढा मठात घुसला. पुढे होती शांताबाई, अप्पांची चुलत भावजय.

"भावजी, किल्ली द्या! टँकर आलाय!"

"आज कुठला टँकर? उद्याचा हाय."

"आज आलाय! तुमी म्हनलाव म्हनून घागरी हितं कोंडल्या. आता पानी काय पदरात भरू?"

"जरा दम धर. साहेब बसलेत."

"साहेबाला म्हनावं लिवून घे! आमच्याकडं पितळ लई हाय, पानी न्हाई!"

किल्ली अप्पांनी दिली की तिनं ओढून घेतली, ते मला सांगता येणार नाही. दार उघडलं. बायकांच्या हातांतून हंडे, घागरी, पराती बाहेर येऊ लागल्या. मठापुढच्या उन्हात येताच प्रत्येकीनं धूळ झटकायला आपलं भांडं उलटं केलं आणि बुडावर थाप मारली. इतके दिवस जो एकटा माणूस करत होता, ते सगळं गाव करत होतं. कित्येक बुडांवर तीच खरवडलेली जागा होती, आणि तिच्याशेजारी, ऊन लागून चमकणारं, ठिपक्याठिपक्यांचं कबूतर.

कॅमेरामननं यंत्र उचललं. केळुसकरांनी त्याच्या भिंगावर तळवा ठेवला.

"सर!" तो पहिल्यांदाच मोठ्यानं बोललेला मी ऐकला. "हेच तर हवं होतं."

"पाण्याच्या रांगेतल्या बाईला मी पुरावा करणार नाही. ठेव खाली."

मी भारावून जाणार होते. पण नजर त्यांच्या छातीवरच्या पेटीकडे गेली. टेपच्या फिरक्या फिरत होत्या.

टँकर गेल्यावर अप्पा मठाच्या पायरीवर येऊन बसले. उन्हात ओल्या मातीचे पट्टे उमटले होते आणि ते बघता बघता सुकत होते.

"पाव्हनं, तुमी अधिकारी न्हाई."

"नाही."

"मग काय पायजे तुमाला?"

"मला काही नको. उदगीरला एक बाई आहेत. मेहरून."

अप्पांनी मान वर केली. "मुनीरसाबाची मेहरू? जित्ती हाय?" मग स्वतःशीच बोलल्यासारखं, "आमच्या बहिणीच्या लग्नाला आनल्या व्हत्या त्या देगा. समदं आनलं व्हतं. लुटलं न्हाई आमी. लग्न झालं, मग ते समदं सुरू झालं. परत द्यायला गेलो तर दाराला दार ऱ्हायलं नव्हतं. द्यायचं कुनाला? मग एकानं हे नेलं, एकानं ते नेलं."

"आणि नाव का खरवडलं?"

"रोज पानी पिताना दिसायचं."

"कबूतर ठेवलंत."

"कबूतर? नक्षी हाय ती. चांगली दिसती म्हनून ठिवली."

"नक्षी नाही, अप्पा. तिच्या आईला वाचता येत नव्हतं. ती तिची सही होती."

अप्पांनी तोंड फिरवलं. मग एकदम कडक आवाजात म्हणाले, "हे तुमच्या मशिनीत बोलनार न्हाई मी. आन् तिला आनू नका. आज उभी ऱ्हाईल, उद्या जागा मागंल, परवा भांडी."

"ती काही मागणार नाही."

"समदे तसंच म्हनत्यात. तुमी पन तसंच म्हनत आलाव."

परतताना मी केळुसकरांना विचारलं, "टेप चालू होता ना?"

"शांतता घेत होतो."

"पुसणार आहात?"

"तुम्हाला काय वाटतं?" त्यांनी विचारलं, आणि पुढच्या वाटेवर बाभळी पाहत बसले. त्यांनी काय केलं, ते मला आजही ठाऊक नाही. माहितीपट पुढे कुठेतरी दाखवला गेला म्हणतात. मला तो पाहायला मिळाला नाही. पाहिलेल्या एका परिचितानं सांगितलं, की त्यात त्या गावाचा फक्त रस्ता आहे, आणि रस्त्यावर कुणी नसताना बराच वेळ काहीतरी वाजत राहतं.

मी त्यांना शेवटचं पाहिलं ते मुंबईला परतण्याच्या आदल्या दिवशी. त्यांनी मेहरूनबींना जाऊन सगळं सांगितलं होतं. भांडी आहेत, कबूतर आहे, आणि अप्पा भेटतीलच असं नाही, हेही. कुणी बोलल्याशिवाय जाणार नाही, म्हणणारी ती बाई धुतलेली ओढणी घेऊन जीपमध्ये येऊन बसली. मुलगा आला नाही.

गावाबाहेर, जिथं घर होतं असं त्या म्हणत, तिथं वेड्या बाभळी माजल्या होत्या. जीप थांबली. मेहरूनबी एकट्याच पुढे गेल्या. लिंबाखाली अप्पा उभे होते. त्यांना कुणी कळवलं, कोण जाणे. त्यांच्या हातात काही नव्हतं. दोघं बऱ्याच अंतरावर थांबली. मेहरूनबींनी हात लांब करून काहीतरी विचारलेलं दिसलं. वारा उलट्या बाजूचा होता. अप्पांनी डोक्यावरचा पटका काढून हातात घेतला, त्यांचे ओठ हलले, आणि ते गावाकडे चालू लागले. मेहरूनबी तिथंच उभ्या राहिल्या, ऊन कलेपर्यंत.

केळुसकर जीपच्या पुढच्या सीटवर, त्या दोघांकडे पाठ करून बसले होते. मी वाकून पेटी पाहिली. ती बंद होती, पट्टा बांधलेला होता, आणि त्यांनी दोन्ही हात तिच्यावर ठेवले होते. साऱ्या जगाला प्रश्न विचारणारा तो माणूस परतीच्या वाटेवर एक अक्षर बोलला नाही. मान किंचित कलती धरून तो फक्त ऐकत होता. काय, ते मला कळलं नाही.

उदगीर जवळ आलं तेव्हा मला राहवलं नाही. "मेहरूनबी," मी विचारलं, "अप्पा काय म्हणाले?"

माझ्याशी आजवर दखनीखेरीज न बोललेल्या त्या बाईनं खिडकीबाहेरच पाहत, अप्पांच्याच हेलात मला सांगितलं,

"व्हतं."